सापास योग्य घर कोणतें ?

अलीकडे आमच्या विद्यार्थ्यांत सापांविषयीं कुतूहल वाढत चाललें आहे, ही एका दृष्टीनें आनंदाची गोष्ट होय. ज्या प्राण्याचें नांव रात्रीं उच्चारूं नये, त्यास 'लांबडें' किंवा 'जनावर' म्हणावें, असें आपल्याकडील वडीलधारीं माणसें सांगत आलीं, त्याच प्राण्याविषयीं त्यांचीं नातवंडें निर्भयपणें प्रश्न विचारूं लागलीं आहेत. परंतु त्यांतील एक प्रश्न असा आहे कीं, वर्गांत दोन वाक्यांत उत्तर देऊन तो मिटत नाहीं. "धामण किंवा दिवड घरीं पाळावयाची असल्यास तिच्यासाठीं पेटी कशी तयार करावी ?" हा तो प्रश्न. मासे ठेवण्याची कांचेची पेटी आणावी, तळाशीं वाळू पसरावी, वर जाळी बसवावी, कीं झालें सापाचें घर, अशी मुलांची समजूत असते. आणि मोबाईलच्या पडद्यावर परदेशांतील मुलें गळ्यांत अजगर घालून हिंडतांना पाहिलीं म्हणजे ती अधिकच दृढ होते. या प्रश्नाचें उत्तर नुसत्या 'नको' या शब्दानें देणें आम्हांस योग्य वाटत नाहीं. ज्यानें विचारपूर्वक प्रश्न केला, त्यास विचारपूर्वकच उत्तर मिळालें पाहिजे.

प्रथम पेटीचाच विचार करूं. सापाचें शरीर आपल्यासारखी स्वतःची ऊब निर्माण करीत नाहीं. ती तो बाहेरून घेतो. म्हणून त्याच्या घराची एक बाजू उबदार व दुसरी थंड असावी लागते, म्हणजे त्यास हवें तेव्हां इकडून तिकडे जातां येतें. आमच्या अकोल्यास मे महिन्यांत पारा पंचेचाळीस अंशांपर्यंत, कधीं त्याच्याही वर चढतो. अशा दिवसांत टिनाच्या छपराखालीं ठेवलेली कांचेची पेटी म्हणजे भट्टीच होय. शेतांतील साप अशा वेळीं उंदराच्या बिळांत किंवा वारुळांत खोल जाऊन बसतो. पेटींतल्यानें कोठें जावें?

दुसरी गरज लपण्याच्या जागेची. अंग चहूंकडून टेकेल अशी अंधारी, चिंचोळी जागा सापास उबेच्या व थंडाव्याच्या अशा दोन्ही बाजूंस लागते. ती न मिळाल्यास तो सतत भयभीत राहतो व पुष्कळदां अन्नही सोडतो. तिसरी गरज पाण्याची. पिण्यास तर तें हवेंच. परंतु हवा फार कोरडी झाली तर कात अखंड न निघतां तुकड्यातुकड्यांनीं निघते. सापास पापण्या नसतात. डोळ्यावर एक पारदर्शक खवला असतो, व कातीबरोबर त्याचें जुनें आवरणही निघावें लागतें. तें तेथेंच अडकून राहिल्यास प्राण्याची दृष्टि मंदावते.

चौथी गोष्ट झांकणाची. जेथून डोकें जातें तेथून सापाचें सर्व शरीर जातें. म्हणून झांकण घट्ट व कडीकुलुपाचें असावें, आणि तरीही हवा खेळती असावी. कांच म्हणजे काय हें सापास कळत नाहीं. पलीकडे उजेड दिसतो म्हणून तो तिच्यावर नाक घाशीत राहतो, तें इतकें कीं अखेर नाकाला जखम होते. पांचवी गोष्ट जागेची. पूर्ण वाढलेली धामण सहज सात फूट भरते, आणि ती दिवसा हिंडणारी व अतिशय चपळ आहे. सहावी गोष्ट अन्नाची. धामणीस उंदीर व बेडूक लागतात, दिवडीस मासे व बेडूक, तेही सबंध. दूध हें सापाचें अन्न नव्हे. गारुड्याचा नाग दूध पितो, तो अनेक दिवस पाण्यावांचून ठेवलेला असतो म्हणून; तहानेनें व्याकुळ झालेला जीव जें ओलें मिळेल त्यास तोंड लावतो.

अशा रीतीनें आपण हिशेब करीत गेलों, तर पेटी वाढतां वाढतां शेवटीं शेताएवढी होते. उबदार बाजू, थंड बाजू, बीळ, ओल, उंदीर, बेडूक आणि धावण्यास मोकळी जागा, हें सर्व एकत्र कोठें मिळतें ? आपल्या पऱ्हाटीच्या नि तुरीच्या शेताच्या धुऱ्यावर. सापास योग्य असें घर तेथें आधींच बांधलेलें आहे, व तें आपण बांधलेलें नाहीं.

आतां कायद्याकडे वळूं. १९७२ सालच्या वन्यजीव संरक्षण कायद्यानें नाग, घोणस, धामण, अजगर इत्यादि आपल्या देशांतील सापांस संरक्षण दिलें आहे, आणि २०२२ सालीं त्यांत झालेल्या सुधारणेनंतरही तें कायम आहे. परवानगीवांचून त्यांस धरणें, घरीं बाळगणें किंवा मारणें हा गुन्हा आहे. आंतरराष्ट्रीय करारानें संरक्षिलेल्या परदेशी जातींचे जिवंत प्राणी बाळगणाऱ्यांसही २०२४ सालच्या नियमांप्रमाणें सरकारदरबारीं नोंद करावी लागते. सांगली जिल्ह्यांतील बत्तीस शिराळा गांवीं नागपंचमीस जिवंत नाग धरून मिरवण्याची चाल फार जुनी; परंतु तिलाही न्यायालयाच्या आदेशानें आळा बसला. जेथें धर्मभावनेस मर्यादा पडली, तेथें आमच्या हौसेस सवलत मागणें शोभत नाहीं.

कोणी विचारील, "मग सापांस कोंडून ठेवणें सर्वत्रच वाईट काय ?" तसें आम्ही म्हणत नाहीं. मुंबईस परळ येथील हाफकिन संस्थेचें नांव विद्यार्थ्यांनीं ऐकलें असेल. १८९९ सालीं प्लेगच्या संशोधनासाठीं निघालेली ही संस्था पुढें सर्पविषावरील औषधासाठीं प्रसिद्धीस आली. सापाचें विष अल्प प्रमाणांत घोड्यास टोंचतात. त्याच्या रक्तांत विषाचा प्रतिकार करणारीं द्रव्यें तयार होतात, आणि त्यांपासून तें औषध बनतें. विषावांचून औषध नाहीं, आणि सापावांचून विष नाहीं. तमिळनाडूंत चेन्नईजवळ इरुळा जमातीच्या लोकांनीं १९७८ सालीं यासाठीं सहकारी संस्था स्थापिली. ते परवान्यानें विषारी साप धरतात, मातीच्या मडक्यांत ठेवून तोंडास कापड बांधतात, सुमारें तीन आठवड्यांत ठराविक वेळां विष काढून घेतात, व मग त्यास खूण करून पुन्हां रानांत सोडतात. या जमातीचे वडिवेल गोपाल व मासी सदैयन यांस २०२३ सालीं पद्मश्री मिळाली. त्यांचें मडकें ही कांहीं सुखाची जागा नव्हे. परंतु तें थोड्या दिवसांचें आहे, आणि त्यांतून एखाद्या शेतमजुराचा प्राण वांचतो.

आपल्या महाराष्ट्रांत पुण्यास नीलिमकुमार खैरे यांनीं १९८० सालीं ७२ विषारी सापांच्या सहवासांत कांचेच्या खोलींत ७२ तास काढले. डिवचल्यावांचून साप दंश करीत नाहीं, हें त्यांस लोकांस दाखवावयाचें होतें. पुढें १९८६ सालीं कात्रज येथें सर्पोद्यान उभें राहिलें. लोकशिक्षण, औषध, जखमी प्राण्याची शुश्रूषा या कारणांसाठीं जाणत्यांच्या हातून सापास कोंडणें निराळें, आणि मित्रांस दाखवून वाहवा मिळविण्यासाठीं कोंडणें निराळें. दोहोंची पेटी एकसारखी दिसली, तरी हेतु एक नव्हे.

आणि वाहवा किती महाग पडते हेंही सांगितलें पाहिजे. कवड्या साप बिनविषारी, मण्यार अत्यंत विषारी. दोघांच्याही अंगावर आडवे पट्टे. मण्याराचे पट्टे शेपटीकडे अधिक स्पष्ट, कवड्याचे मानेकडे. परंतु संध्याकाळच्या अंधुक उजेडांत हा भेद कोण पाहत बसणार? डुरक्या घोणस निरुपद्रवी, आणि घोणस प्राणघातक. नांवांतही साम्य, रूपांतही साम्य. भारतांत सर्पदंशानें दरवर्षीं सुमारें ५८,००० माणसें दगावतात, असा अंदाज २०२० सालीं प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासांत आहे; आणि त्यांत शेतीवर पोट भरणारींच अधिक. हा आंकडा वाचतांना आपल्या वर्गांतील किती मुलांचे आईबाप या घटकेस निंदण करीत असतील, हें ध्यानांत आणावें.

म्हणून आमचें म्हणणें असें कीं, कुंपण घालावयाचें तें सापाभोवतीं नव्हे, आपल्या घराभोवतीं. आमच्या वऱ्हाडांत सरपणासाठीं पऱ्हाट्यांचे ढीग घराच्या भिंतीशीं रचतात. ते घरापासून दूर रचावेत. धान्य झांकून ठेवावें. उंदीर आला कीं त्याच्यामागें साप आलाच. भिंतींतील भोंकें बुजवावींत. पावसाळ्यांत जमिनीवर निजूं नये. खाटेवर निजून मच्छरदाणी गादीखालीं नीट खोंचावी, कारण मण्यार रात्रीं निजलेल्या माणसास दंश करतो आणि पुष्कळदां त्याची वेदनाही होत नाहीं. रात्रीं बाहेर पडतांना विजेची बत्ती हातीं असावी. शेतांत पायीं बूट असावा. पालकांनीं जवळच्या वनकार्यालयाचा क्रमांक भिंतीवर लिहून ठेवावा, म्हणजे घरांत साप निघाल्यास काठी शोधण्याची घाई होणार नाहीं.

आणि दुर्दैवानें दंश झालाच तर ? जखम कापूं नये, चोखूं नये, घट्ट दोरी आवळूं नये, आणि मांत्रिकाच्या दारीं तर मुळींच जाऊं नये. बोटांतील अंगठी, हातांतील बांगड्या काढाव्या, तो अवयव हलूं देऊं नये, धीर द्यावा, आणि १०८ क्रमांकाची गाडी बोलावून तडक सरकारी रुग्णालय गांठावें. अकोल्यास सर्वोपचार रुग्णालय आहे, अमरावतीस जिल्हा रुग्णालय आहे. या कामीं एक एक घटका मोलाची.

आमच्या ख्रिस्ती घरांत सापाचें नांव निघालें कीं एदेन बागेची कथा आठवते. आमच्या हिंदु बंधूंच्या घरीं नागपंचमीस त्याची पूजा होते, आणि पुष्कळ वऱ्हाडी भाविक त्या सुमारास पचमढीकडे नागद्वारच्या यात्रेस जातात. एकीकडे शाप, एकीकडे पूजा. शेतांतल्या सापास मात्र दोहोंचाही पत्ता नसतो. तो आपला उंदीर शोधीत असतो, आणि त्यांतच आपल्या ज्वारीचें रक्षण होतें. चातुर्याचा दाखला देतांना प्रभूनें सापाचेंच नांव घेतलें, हेंही विसरूं नये. मनुष्याच्या हातीं बाग दिली ती राखण्यासाठीं. तींतील जीव डब्यांत भरण्यासाठीं नव्हे.

विद्यार्थिमित्रांनो, तुमचें कुतूहल मारून टाकावें असें आमच्या मनांत नाहीं. तें वाढवा. एक वही करा. धुऱ्यावर, विहिरीच्या काठीं, गोठ्यामागें दुरून जो साप दिसेल त्याची तारीख, जागा, रंग, लांबीचा अंदाज आणि आपल्या गांवचें त्याचें नांव तींत लिहा. वडील मंडळींकडून जुनीं नांवें गोळा करा. तीं पुस्तकांत सांपडत नाहींत. अशी वही दहा वर्षें चाललेली मुलगी किंवा मुलगा उद्यां वैद्य होईल, प्राणिशास्त्रज्ञ होईल, किंवा आपल्या गांवांत साप न मारणारा पहिला शेतकरी होईल. सापाची पेटी मात्र रिकामीच असूं द्यावी. तींत पुस्तकें ठेवावीं.