बुडीत खात्यातला उजेड

बँकेत असताना दर मार्चअखेर बुडीत कर्जांची यादी माझ्या टेबलावर येई. त्यातला एखादा कर्जदार पुढे कर्तबगार निघाला, की मी जरा ओशाळत असे. कोरियन छायालेखक होंग क्योंग-प्यो यांची कारकीर्द पाहताना ती यादी आठवली.

२००३ साली त्यांनी चित्रित केलेला 'सेव्ह द ग्रीन प्लॅनेट' तिकीटबारीवर सपशेल आपटला. पुढच्याच वर्षी त्यांचा 'तेगुकगी' हा युद्धपट एक कोटीहून अधिक प्रेक्षकांनी पाहिला. आपटलेल्या चित्रपटाचीही किंमत कळली, पण उशिरा. २०२५ मध्ये 'बुगोनिया' या नावाने तो इंग्रजीत नव्याने निघाला.

होंग यांचे खरे भांडवल म्हणजे उजेड. 'पॅरासाइट' (२०१९) पुन्हा पाहा. गरीब कुटुंबाच्या अर्ध्या जमिनीत गाडलेल्या घरात ऊन वरच्या अरुंद खिडकीतून जेमतेम डोकावते. श्रीमंतांच्या दिवाणखान्यात तेच ऊन काचेच्या भिंतीतून ऐसपैस पसरते. कोण कुठल्या पायरीवर उभा आहे, हे संवादाआधीच आपल्याला कळलेले असते. 'बर्निंग' (२०१८) मध्ये उत्तर कोरियाच्या सीमेजवळच्या गावात एक तरुणी मावळतीच्या प्रकाशात नाचते. असा प्रकाश दिवसातून थोडीच मिनिटे मिळतो. त्याची वाट पाहायची, तर निर्मात्याच्या खिशाला चाट बसते.

२०२० मध्ये 'पॅरासाइट'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटासह चार ऑस्कर मिळाले. छायालेखनासाठी मात्र नामांकनही नव्हते. पण माझी काळजी पुरस्काराची नाही. वाट पाहण्याची ही ऐपत येते कुठून?

ती भरलेल्या चित्रगृहांतून येते. कोरियात २०१९ मध्ये सुमारे २२ कोटी ६० लाख तिकिटे खपली. २०२४ मध्ये सुमारे १२ कोटी ३० लाख. करोनाच्या साथीत घरी बसलेला प्रेक्षक पुरता परतलेला नाही. गल्ला आटला, की हात आधी आखडतो तो विक्षिप्त, मध्यम खर्चाच्या चित्रपटांपुरता. नेमक्या अशाच चित्रपटांत नवा छायालेखक चुकतो आणि शिकतो.

बुडालेले कर्ज ताळेबंदात निदान दिसते. नाकारलेल्या कर्जाने काय बुडाले, त्याचे खाते कुठलीच बँक ठेवत नाही. सोलच्या कुठल्या तरी कचेरीत आज एखाद्या पटकथेवर 'नामंजूर' असा शेरा पडत असेल. त्याचा हिशेब कळायला वीस वर्षे जातील.