स्टे मिळाला म्हणजे न्याय मिळाला नव्हे

केस अडचणीत आली की आपल्याकडे एकच सल्ला मिळतो: "वर जा, स्टे आणा." पारनेरच्या कोर्टात ज्याचा फौजदारी खटला चालू आहे, त्याच्यासाठी हे 'वर' म्हणजे छत्रपती संभाजीनगरचं खंडपीठ. प्रवास, वकिलाची फी आणि बुडालेली मजुरी ज्याला परवडते, तोच तिथे पोहोचतो. ज्याला परवडत नाही, तो फिर्यादी असो वा आरोपी, पुढची तारीख घेऊन घरी जातो.

आणि आपली भूमिका माणूस पाहून बदलते. आपला आरोपी असला की स्टे हा विजय, समोरच्याने आणला की तो कट. ही सवय आपल्यालाच महागात पडली आहे.

महाराष्ट्राचे पहिले मुस्लिम मुख्यमंत्री बॅ. अंतुले यांचा खटला आठवा. भ्रष्टाचाराचे आरोप गंभीर होते आणि निकाल लवकर लागावा ही अपेक्षा रास्त होती. त्यासाठी सुप्रीम कोर्टाने १६ फेब्रुवारी १९८४ रोजी खटला विशेष न्यायाधीशांकडून काढून थेट मुंबई हायकोर्टाकडे दिला. १९५२ च्या कायद्यानुसार असे खटले विशेष न्यायाधीशांनीच चालवायचे होते. शिवाय खटलाच हायकोर्टात गेल्यामुळे हायकोर्टात अपील करण्याचा हक्क संपला. अखेर २९ एप्रिल १९८८ रोजी सुप्रीम कोर्टाच्याच सात न्यायाधीशांच्या पीठाने तो आदेश बहुमताने रद्द केला. अंतुले दोषी की निर्दोष, हे क्षणभर बाजूला ठेवा. घाईसाठी केलेल्या हस्तक्षेपाने चार वर्षं खाल्ली, आणि फिर्यादी व आरोपी दोघांच्याही हाती काही लागलं नाही.

दुसरं उदाहरण ११ जुलै २००६ च्या मुंबई लोकल बॉम्बस्फोटांचं. आरोपींच्या बाजूने मकोकाच्या तरतुदींना आव्हान दिलं गेलं. फेब्रुवारी २००८ मध्ये सुप्रीम कोर्टाने खटल्याला स्थगिती दिली. एप्रिल २०१० मध्ये आव्हान फेटाळलं गेलं. दोन वर्षांहून अधिक काळ खटला थांबला, आरोपी मात्र तुरुंगातच राहिले. २०१५ मध्ये १२ जण दोषी ठरले. २१ जुलै २०२५ रोजी हायकोर्टाने त्या सर्वांना निर्दोष सोडलं. त्यांपैकी एकजण त्याआधीच कैदेत वारला होता. राज्य सरकार अपिलात गेलं आहे. पण मधली ती दोन वर्षं कोणत्या कोर्टाच्या खाती लिहायची? मृतांच्या घरच्यांनी ती कोणाकडे मागायची?

"मग निरपराधाने दाद मागायचीच नाही का?" असं कोणी विचारेल. जरूर मागावी. जामिनासाठी वरचं दार सदैव उघडं हवं. गुन्हाच बनत नसेल तर तो सुरुवातीलाच रद्द व्हावा. साक्षीदार भीतीखाली असतील तर खटला दुसरीकडे हलवावा. बिल्किस बानो यांचा खटला सुप्रीम कोर्टाने २००४ मध्ये अहमदाबादहून मुंबईला हलवला. काय निकाल द्यायचा हे मुंबईच्या न्यायाधीशांना कोणी सांगितलं नाही. फक्त निर्भय साक्षीसाठी जागा मिळाली आणि २००८ मध्ये ११ जणांना जन्मठेप झाली. वरच्या कोर्टाचा हात इतकाच लांब असावा.

२९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठाने ठरवलं की स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप उठणार नाही. कायद्याच्या दृष्टीने ते योग्य असेल. पण मग स्टे उठवण्यासाठी अर्ज कोण करणार? पुन्हा तोच, ज्याच्या खिशात फी आहे.

म्हणून मागणी सरळ आहे. फौजदारी खटला थांबवायचा तर कारण लेखी द्या आणि पुढची सुनावणी आठवड्यांत ठेवा, वर्षांत नको. आरोपी कैदेत असेल तर स्थगितीच्याच दिवशी त्याच्या जामिनाचा विचार करा. आणि आपल्या संघटनांनी स्टेसाठी गोळा होणारा पैसा तालुक्याच्या कोर्टात चांगला वकील उभा करायला वापरावा. साक्ष तिथे होते, उलटतपासणी तिथे होते. खटला तिथेच जिंकायचा किंवा हरायचा असतो.