गादीचे वजन

तीन वर्षांपूर्वी पिंजाऱ्याकडून १० किलो कापसाची गादी भरून घेतली. तेव्हा ६ इंच फुगलेली ती यंदा दिवाळीच्या साफसफाईत ३ इंचच भरली. “निम्मा कापूस खाल्लात!” मी त्याला चारचौघांत सुनावले.

म्हातारा एवढेच म्हणाला, “तोलून बघा, साहेब.”

तोलली. खोळीचे वजन वजा जाता १० किलो! लांबी-रुंदी तीच, जाडी निम्मी. म्हणजे आकारमान निम्मे, घनता दुप्पट. गेली होती ती फक्त मधली हवा. विदर्भात यंत्राने रुई दाबून १७० किलोची आटोपशीर गाठ बांधतात. तेच काम इथे माझ्या देहाने केले होते.

म्हाताऱ्याला फराळाचे ताट दिले. त्याने ते मान खाली घालूनच घेतले. वाचकहो, कापूस मी तोलला. शब्द मात्र आधी तोलला नव्हता.