परांचीवरच्या माणसाचे नाव काय?

विठ्ठल कामत यांचे ‘इडली, ऑर्किड आणि मी’ हे आत्मकथन मराठीच्या प्राध्यापकांना एक तर नकोसे असते किंवा फार हवेसे असते, आणि दोन्हींची कारणे चुकीची आहेत. ज्यांना ते नकोसे वाटते ते म्हणतात, ‘हे काही साहित्य नव्हे.’ ज्यांना हवेसे वाटते ते वक्तृत्व स्पर्धेत बक्षीस म्हणून ते देतात आणि ‘शून्यातून विश्व’ या विषयावर निबंध लिहून घेतात. पहिला वर्ग पुस्तक न वाचता नाकारतो, दुसरा न वाचता स्वीकारतो. दरम्यान, आवृत्त्यांमागून आवृत्त्या निघालेले हे पुस्तक आमचे विद्यार्थी मात्र वाचत असतात. ‘कोसला’ अभ्यासक्रमात असते म्हणून वाचतात. हे मात्र कोणी न सांगता वाचतात. ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते.

प्रथम वस्तुस्थिती. कामतांचे वडील व्यंकटेश कामत कारवारकडून मुंबईत आले आणि उपाहारगृहाच्या धंद्यात स्थिरावले. चर्चगेटजवळचे ‘सत्कार’ हे त्यांचे. मुलाने घरच्या गल्ल्यावर समाधान मानले नाही. लंडनला जाऊन तिथल्या उपाहारगृहात पडेल ते काम केले, परत येऊन धंदा वाढवला, आणि 1997 मध्ये विलेपार्ल्याला विमानतळालगत ‘ऑर्किड’ हे पंचतारांकित हॉटेल उभे केले. पाणी आणि वीज वाचवणारे, सांडपाण्याचा पुनर्वापर करणारे म्हणून ‘इकोटेल’ प्रमाणपत्र मिळवणारे ते आशियातील पहिले पंचतारांकित हॉटेल. पुढे सासवडजवळची, पिलाजी जाधवरावांनी अठराव्या शतकाच्या आरंभी बांधलेली जाधवगढीही त्यांनी वारसा हॉटेलात रूपांतरित केली. मराठी माणसाला धंदा जमत नाही, असे म्हणणाऱ्यांना हे चोख उत्तर आहे. ते मी कमी लेखत नाही.

माझा आक्षेप वेगळा आहे. हा प्रवास ‘शून्यातून’ झाला असे जे आम्ही वर्गात सांगतो, ते खोटे आहे. शून्य वडिलांच्या पिढीत होते. मुलाच्या वाट्याला धंद्याची जाण, नाव आणि मुंबईतील मोक्याची जागा आली होती. यात त्यांचा दोष नाही. दोष आहे तो वारसा वजा करून केवळ जिद्द शिल्लक ठेवणाऱ्या आमच्या निबंधवाचनाचा. बोदवडच्या कोरडवाहू शेतकऱ्याच्या मुलाला आपण सांगतो की जिद्द असेल तर तूही ऑर्किड बांधशील. तो बांधू शकला नाही, की त्याच तर्काने दोष त्याच्या जिद्दीचा ठरतो. बाप, बँक, बाजारभाव, पाऊस हे सारे निर्दोष सुटतात.

कामतांनी अनेकदा सांगितलेला एक प्रसंग आहे. कर्जाच्या ओझ्याखाली खचून ते खिडकीतून उडी टाकण्याच्या विचारात उभे होते. समोरच्या इमारतीवर परांचीवर लोंबकळत एक रंगारी काम करत होता. पोटासाठी हा माणूस एवढ्या उंचीवर जीव सांभाळत उभा आहे, आणि आपण जीव द्यायला निघालो आहोत, असे त्यांना वाटले आणि ते मागे फिरले. प्रसंग अस्सल आहे आणि सांगणाऱ्याची कळकळही. पण साहित्याच्या विद्यार्थ्याने इथे थांबून एक प्रश्न विचारायला हवा: त्या रंगाऱ्याचे नाव काय? त्याला रोज किती मिळत होता? कमरेला दोर होता का? कथेला याची गरज नाही. तिथे रंगारी माणूस म्हणून येत नाही, संकेत म्हणून येतो; नायकाला वाचवून तो निघून जातो. यशोगाथा या वाङ्मयप्रकाराचा हा पायाच आहे. इतरांचे कष्ट तिच्यात नायकाच्या प्रेरणेसाठी असतात.

याच्या शेजारी 1978 चे ‘बलुतं’ ठेवून पाहावे. तिथे दगडू मारुती पवार आपली कहाणी दया पवार नावाच्या लेखकाला सांगतो. एकाच माणसाची दोन माणसे होतात आणि शिकलेला ‘मी’ न शिकलेल्या ‘मी’समोर संकोचून बसतो. हे अंतर, हा संकोच म्हणजेच आत्मचरित्राचे वाङ्मयीन मूल्य. यशोगाथेत आजचा ‘मी’ कालच्या ‘मी’कडे अभिमानाने पाहतो, काल घडलेले सारे आजसाठीच घडले होते, असे त्याला वाटते. ‘इडली, ऑर्किड आणि मी’ या शीर्षकाची उतरंडच पाहा: पदार्थ, वास्तू, आणि शेवटी ‘मी’. इडली वाफवणारे हात या तीन शब्दांत कुठे बसतात?

ते हात मराठी साहित्यात नाहीत असे नाही. नारायण सुर्वे पोरवयात हॉटेलात पोऱ्याचे काम करून आले आणि 1966 मध्ये ‘माझे विद्यापीठ’ घेऊन उभे राहिले. आपण तो संग्रह एका तासिकेत शिकवतो आणि पुढच्या तासिकेला ‘यशस्वी उद्योजक’ या विषयावर पाहुण्यांचे व्याख्यान ठेवतो. दोन्ही तासिका एकाच धंद्याविषयी होत्या, हे आपल्याला सुचतही नाही. हॉटेलात आणि धाब्यावर चौदा वर्षांखालील मुले कामाला ठेवण्यावर या देशात बंदी आली ती ऑक्टोबर 2006 मध्ये, ऑर्किड उभे राहिल्यानंतर नऊ वर्षांनी. उपाहारगृहांच्या भरभराटीचा मोठा काळ बंदीपूर्वीचा आहे. एखाद्या हॉटेलावर हा आरोप नव्हे. एका सबंध धंद्याच्या आत्मचरित्रातले हे गाळलेले प्रकरण आहे.

हा वाद मला मुंबईच्या वतीने घालायचा नाही. आमच्या स्टेशनावरून पुण्याकडे, सुरतेकडे जाणाऱ्या गाड्यांत दरवर्षी बी. ए. झालेली मुले बसतात. त्यांतला एखादा हॉटेलात वेटर म्हणून उभा राहतो, शेवभाजी आणि कळण्याच्या भाकरीवर वाढलेल्या जिभेने पाहुण्याला परक्या पदार्थांची नावे सांगतो. त्याला आपण दिले काय? कामतांचे पुस्तक आणि सोबत अपराधभाव.

म्हणून माझी मागणी साधी आहे. हे पुस्तक वर्गाबाहेर ठेवू नका आणि देव्हाऱ्यातही ठेवू नका. ते ‘बलुतं’सोबत, सुर्व्यांसोबत, एकाच सत्रात शिकवा. निवेदक कोण, गप्प कोण, वारसा कुठे लपला, हे प्रश्न जसे आपण लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रां’ना विचारतो तसे यालाही विचारा. पुस्तक टिकायचे असेल तर टिकेल. कामतांसारख्या कष्टाळू माणसाला या प्रश्नांचे भय असण्याचे कारण नाही. भय आपल्याला आहे. कारण हे प्रश्न विचारायला शिकलेला विद्यार्थी पुढचा प्रश्न आपल्या महाविद्यालयाच्या दारातल्या चहाच्या टपरीवरच्या पोराकडे बोट दाखवून विचारील, आणि आपल्यालाही त्याचे नाव ठाऊक नसेल.