एवढीशी डबी!

दिवाळीच्या खरेदीच्या यादीत सर्वांत शेवटी जी वस्तू लिहिली जाते, ती बहुधा आकाराने सर्वांत लहान आणि वजनाच्या मानाने सर्वांत महाग असते. रवा, मैदा, तूप, उटणे, सुगंधी साबण ही मंडळी वर मानाने बसलेली असतात, आणि खाली कोपऱ्यात, निराळ्या अक्षरात, घाईघाईने लिहिलेले असते : 'आय क्रीम'. अक्षर बहुधा घरातल्या मुलीचे असते. पण हल्ली ते आईचेही असते, आणि एखाद्या घरी तर वडिलांचेसुद्धा! हसू नका. डोळ्यांखालची काळी वर्तुळे बायकापुरुष पाहून येत नाहीत.

ह्या शेवटच्या ओळीविषयी वर्षभरात मला जेवढी पत्रे आली, तेवढी बिघडलेल्या चकलीविषयीही आली नाहीत. त्यांतले एक पत्र मी बाजूला काढून ठेवले होते. लिहिणाऱ्या भगिनी नोकरी करतात, दोन गाड्या बदलून कचेरी गाठतात. त्या म्हणतात, "भाऊबीजेला भाऊ हजार रुपये ओवाळणी घालतो. वर्षात तेवढेच पैसे असे की, ज्यांचा हिशेब मी कुणाला देत नाही. त्यांतून डोळ्यांखालच्या काळेपणासाठी क्रीम घेऊ की नको, ते एकदा स्पष्ट सांगा."

आता पाहा, महिन्याच्या खर्चातले हजार रुपये आणि भाऊबीजेचे हजार रुपये ह्यांत केवढे अंतर आहे! ह्या पैशांवर बाईचा स्वतःचा असा एकुलता एक हक्क असतो. तेव्हा "घ्या की, त्यात काय!" असे म्हणून मोकळे होणे बरे नव्हे, आणि "सगळे थोतांड आहे" म्हणून नाक मुरडणेही बरे नव्हे.

प्रथम डोळ्यांभोवतीच्या कातडीची ओळख करून घेऊ. पापणीची कातडी जेमतेम अर्धा मिलिमीटर जाड असते. साऱ्या अंगावर इतकी नाजूक कातडी क्वचितच सापडेल. तिच्याखाली चरबीची गादी नाही म्हटले तरी चालेल. तेलाच्या ग्रंथीही तिथे तुटपुंज्याच. आणि काम केवढे! मिनिटाला पंधरा-वीस वेळा उघडझाप, शिवाय हसणे, रडणे, उन्हात बारीक डोळे करणे हे सारे तिच्याच माथी. त्यामुळे कोरडेपणा, सुरकुती आणि थकवा ह्यांची पहिली वर्दी तिथेच लागते. एवढ्यावरून दुकानदार म्हणतो, "बाई, ह्या नाजूक जागेला निराळे क्रीम हवे." ह्या वाक्याचा पूर्वार्ध अगदी खरा आहे. उत्तरार्धाची मात्र तपासणी केली पाहिजे.

तपासणी आरशासमोरच होते. सकाळी खिडकीजवळ, भरपूर उजेडात उभे राहा आणि डोळ्यांखालची कातडी बोटाने हलकेच ताणून पाहा. काळेपणा तपकिरी असून ताणल्यावर जसाच्या तसा राहिला, तर तो कातडीतल्या रंगद्रव्याचा समजावा. आपल्याकडच्या सावळ्या, गव्हाळ वर्णात हा प्रकार फार, आणि पुष्कळदा तो वारशाने येतो. आजीचा जुना फोटो काढून पाहिलात तर खात्री पटेल. डोळे चोळण्याची सवय असली, ॲलर्जीने खाज येत असली, तर त्यात भरच पडते. दुसरा प्रकार निळसर-जांभळ्या छटेचा; कातडी ताणली की तो अधिकच उठून दिसतो. इथे पातळ कातडीतून खालच्या रक्तवाहिन्या डोकावत असतात. तिसरा प्रकार म्हणजे नुसती सावली. वयाने गालाचे मांस उतरते, डोळ्याखाली खळगा पडतो आणि त्यात सावली साचते. समोरून थेट दिवा धरला की ती नाहीशी होते. आणि चौथी ती सूज : कधी रात्रभर आडवे पडल्याने साचलेल्या पाण्याची, तर कधी पुढे सरकून आलेल्या चरबीच्या पिशवीची. पाण्याची सूज दुपारपर्यंत उतरते. पिशवी दिवसभर मुक्कामाला असते. पुष्कळ चेहऱ्यांवर ह्यांतले दोन-तीन प्रकार एकत्र नांदतात, ही गोष्ट निराळी.

ही चारही दुखणी एका डबीने कशी बरी व्हावीत? खळग्याच्या सावलीला कोणतेही क्रीम भरून काढीत नाही; चरबीच्या पिशवीला तर नाहीच नाही. तिथे उपाय डॉक्टरांच्या सुईचा नाही तर शस्त्राचा, आणि तो करून घ्यायचा की नाही हा ज्याच्या-त्याच्या मर्जीचा प्रश्न. म्हणजे चारांतले दीड-दोन प्रकार तर डबी उघडण्यापूर्वीच बाद झाले!

उरलेल्यांसाठी डबीत असते तरी काय, ते पाहू. 'हायलुरोनिक ॲसिड' हे नाव आजकाल प्रत्येक डबीवर दिसते. नावात ॲसिड असले तरी ते जाळणारे नव्हे. पाणी धरून ठेवणारा हा पदार्थ आपल्या शरीरातही असतो. गंमत अशी की, १९३४ साली न्यूयॉर्कमध्ये कार्ल मेयर आणि जॉन पामर ह्या शास्त्रज्ञांनी तो प्रथम वेगळा केला, तो गाईच्या डोळ्यातील द्रवातून! म्हणजे हा पदार्थ मुळातच डोळ्याच्या घरचा. (आता तो बहुतेक जंतूंकरवी आंबवून करतात, शाकाहारी मंडळींनी दचकू नये.) त्याने कोरडी कातडी टवटवीत दिसते, कोरडेपणाच्या बारीक रेघा बुजल्यासारख्या वाटतात. पण हा गुण ओलाव्याचा आहे. चेहऱ्याच्या साध्या क्रीमनेही तो येतो. ओलावा गेला की रेघा परत हजर.

दुसरा पदार्थ कॅफीन; हो, आपल्या कॉफीतलेच. ते रक्तवाहिन्या काही काळ आकसवते, त्यामुळे सकाळची सूज थोडी उतरते. काही तासांचा हा कार्यक्रम. थंड पाण्यात बुडवून पिळलेली घडी किंवा फ्रीजमधला चमचा दहा मिनिटे ठेवला, तरी पुष्कळसे काम भागते. काकडीची महतीही तिच्या गारव्यातच आहे.

तिसरा पदार्थ 'अ' जीवनसत्त्वाच्या कुळातला, रेटिनॉल. ह्याच्या पाठीशी मात्र खरा पुरावा आहे. १९८६ साली अमेरिकेतील त्वचारोगतज्ज्ञ अल्बर्ट क्लिगमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ह्याच कुळातले ट्रेटिनॉइन उन्हाने सुरकुतलेल्या कातडीवर उपयोगी पडते, असे दाखवून दिले. ट्रेटिनॉइन हे औषध आहे, डॉक्टरांना विचारूनच घ्यावे. रेटिनॉल हे त्याचे सौम्य भावंड. गुण येतो, पण सावकाश. त्याला महिने द्यावे लागतात. शिवाय ते काही जणींना झोंबते, कातडी सोलवटते. म्हणून सुरुवात आठवड्यातून दोन रात्रींनी. गर्भवती भगिनींनी ह्या कुळापासून दूरच राहावे. रंगद्रव्याच्या काळेपणासाठी 'क' जीवनसत्त्व आणि नायसिनमाइड ही दोन नावे ध्यानात ठेवावीत. त्यांनी काळेपणा थोडा फिका होतो; 'नाहीसा होतो' असे जाहिरात म्हणेल, मी म्हणणार नाही.

जाहिरातीची भाषाही एकदा नीट वाचण्यासारखी असते. आपल्याकडच्या कायद्यात सौंदर्यप्रसाधन म्हणजे अंग स्वच्छ करणारी, शोभा वाढवणारी किंवा रूप बदलणारी वस्तू. रोग बरा करणे हा औषधाचा प्रांत. म्हणून हुशार कंपनी 'सुरकुत्या जातात' असे न लिहिता 'सुरकुत्या कमी दिसतात' असे लिहिते. त्या 'दिसतात'मध्ये सारी मेख आहे!

आता हिशेब. समजा, १५ ग्रॅमची डोळ्यांची डबी ६०० रुपयांना आहे. म्हणजे ग्रॅमला ४० रुपये पडले. शेजारीच त्याच कंपनीचे चेहऱ्याचे ५० ग्रॅम क्रीम ४०० रुपयांना आहे. म्हणजे ग्रॅमला ८ रुपये. पाचपट! दोन्ही खोकी उलटी करून घटकांची नावे वाचा. मुख्य घटक प्रमाणाच्या उतरत्या क्रमाने छापलेले असतात. पहिली सात-आठ नावे जवळजवळ तीच निघाली, तर मोठी डबी घेऊन घरी या आणि तेच क्रीम डोळ्यांभोवतीच्या हाडापर्यंत लावा. मात्र त्यात सुगंध नसावा. गालाला सोसणारा वास डोळ्याला सोसेलच असे नाही.

मग डोळ्यांचे निराळे क्रीम कुणी घ्यावेच नाही काय? असेही नाही. चेहऱ्याच्या कोणत्याही क्रीमने ज्यांचे डोळे चुरचुरतात, पाणावतात, त्यांना बिनवासाचे, सौम्य असे निराळे क्रीम खरोखर उपयोगी पडते. डोळ्यांजवळ रेटिनॉल लावायचे आहे, पण चेहऱ्याचे तीव्र वाटते, त्यांनाही. पापण्यांभोवती सदा कोरडेपणा असणाऱ्यांना दाट क्रीम बरे. घ्यायचेच तर उघड्या तोंडाच्या डबीऐवजी नळी घ्यावी. रेटिनॉल आणि 'क' जीवनसत्त्व ह्या दोघांचेही हवा-उजेडाशी वाकडे आहे. एका डोळ्याला तांदळाच्या दाण्याएवढे पुरते. ते अनामिकेने हाडावर हलकेच टेकवावे; पापणीच्या कडेला नेऊ नये, आणि चोळू तर मुळीच नये.

ह्या सगळ्यांच्या आधी जी वस्तू घ्यावी, तिचे नाव सनस्क्रीन. ऊन रंगद्रव्य गडद करते आणि सुरकुत्याही पाडते. रात्री ६०० रुपयांचे क्रीम आणि दिवसा उघड्या चेहऱ्याने बसथांब्यावर अर्धा तास, हे म्हणजे फुटक्या घागरीत पाणी भरणे झाले. झिंक ऑक्साइड असलेले सनस्क्रीन डोळ्यांना सहसा कमी झोंबते. जोडीला उन्हाचा चष्मा असला, तर उत्तम.

काही गोष्टींना मात्र ठाम नकार द्यावा. लिंबाचा रस डोळ्यांजवळ नेऊ नये. शेजारणीला गुण आला म्हणून स्टेरॉइडचे मलम आणून डोळ्यांखाली फासू नये. त्याने चार दिवस रंग उजळतो खरा. पण पुढे कातडी आणखी पातळ होते, आणि डोळ्यांजवळ दीर्घकाळ वापरल्यास डोळ्यातला दाब वाढण्याचा व मोतीबिंदूचा धोका असतो. रंगापायी दृष्टी पणाला लावण्याचा हा सौदा कुणीही करू नये. बदामाचे तेल खुशाल लावा; ते स्निग्ध आहे. चमत्काराची अपेक्षा तेवढी ठेवू नका.

आणि आता त्या भगिनीच्या पत्रातील एका ओळीकडे वळते. तिने जाता जाता लिहिले आहे, "जिना चढताना हल्ली धाप लागते." ताई, तुमच्या प्रश्नाचे उत्तर कदाचित ह्या ओळीतच आहे. २०१९ ते २०२१ ह्या काळातल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वयाच्या भारतीय स्त्रियांपैकी ५७ टक्के रक्तक्षयी आढळल्या. रक्त कमी असले की चेहरा फिका पडतो आणि डोळ्यांखालचा काळेपणा उठून दिसतो. तेव्हा ओवाळणीच्या पैशांतून पहिल्यांदा हिमोग्लोबिन तपासून घ्या. मग एक सनस्क्रीन, एक साधे बिनवासाचे क्रीम. आणि तरीही काही उरले तर त्याचा हिशेब मलाही देऊ नका.

डोळ्यांभोवतीची जागा पुष्कळदा शरीराचा निरोप सांगते, तो क्रीमखाली झाकू नये. रोज सकाळी दोन्ही डोळ्यांभोवती सूज येत असेल, विशेषतः लहान मुलाला, तर मूत्रपिंडाच्या शंकेने लघवी तपासावी. थायरॉइडच्या विकारातही अशी सूज येते. पापणीच्या आतल्या कोपऱ्याजवळ पिवळसर चकंदळे उठली, तर रक्तातले कोलेस्टेरॉल पाहून घ्यावे. काळेपणा एकाच डोळ्याखाली आणि अचानक आला, तर दुकानाऐवजी दवाखाना गाठावा.

राहता राहिली झोप. घरोघरी दिवाळीच्या आठवड्यात एक माणूस असे असते की, जे रात्री बारापर्यंत करंज्या तळते आणि पहाटे चारला सर्वांच्या आधी उठून पाणी तापवते. झोप अपुरी झाली की चेहरा फिका पडतो, डोळे सुजतात, वर्तुळे गडद दिसतात. भाऊबीजेला त्याच माणसाला डोळ्यांची डबी भेट द्यायची ही कल्पना वाईट नाही. पण त्याआधी करंज्या भरायला चार हात पुढे आले आणि पहाटेचा बंब दुसऱ्या कुणी पेटवला, तर ती भेट अधिक शोभून दिसेल.

सर्व वाचकांना दिवाळी सुखाची जावो. आणि पाडव्याच्या दुपारी, जेवणानंतर दोन तास, घरातल्या सर्वांत दमलेल्या माणसाला चहासाठी कुणी उठवू नये, एवढी आमची नम्र विनंती.