पडद्यामागची स्वदेशी

चित्रपटाचा इतिहास सांगताना आपल्याकडे नटनट्यांचीच नामावळी वाचली जाते. ‘राजा हरिश्चंद्र’चा (१९१३) पाया मात्र दादरच्या एका मध्यमवर्गीय घरात घातला गेला. ख्रिस्तचरित्रावरील मूकपट पाहून दादासाहेब फाळके यांनी राम-कृष्ण पडद्यावर आणण्याचा ध्यास घेतला. सरस्वतीबाईंनी दागिने देऊन तो जगवला. कोऱ्या फिल्मला अंधारात छिद्रे पाडणे, रसायनांत ती धुणे आणि शिवाय साऱ्या मंडळींचा स्वयंपाक, हे सर्व त्यांनी केले. स्वदेशी म्हणतात ती हीच!

या परंपरेचा मान कितीसा राखला गेला? फाळके यांच्या नावाचा सरकारी पुरस्कार १९६९ साली सुरू झाला आणि पहिला मान अभिनेत्री देविका राणी यांना मिळाला. ‘कागज के फूल’ (१९५९) हा भारतातील पहिला सिनेमास्कोप चित्रपट चित्रित करणारे व्ही. के. मूर्ती यांना मात्र २००८ च्या पुरस्कारापर्यंत थांबावे लागले!

तथापि दोष केवळ शासनाचा नाही. वाहिन्यांवरील स्पर्धांत मुलांना मिरवणारी आपली सुशिक्षित घरे कॅमेरा, ध्वनी, संकलन या विद्यांना ‘सिनेमाची नोकरी’ म्हणून नाक मुरडतात. वास्तविक, इतिहासपुरुष पडद्यावर कसे दिसावेत, हे कॅमेऱ्यामागेच ठरते. ती जागा इतरांसाठी मोकळी सोडायची आणि विकृतीकरण झाले की निषेधाची पत्रके काढायची, हा पुरुषार्थ नव्हे. फाळके दांपत्याने पत्रके काढली नाहीत, चित्रपट काढला.