आधी चौकशी, मग कोर्ट



गेल्या महिन्यात एका रविवारी सकाळी एक गृहस्थ पत्नीला घेऊन आमच्याकडे आले. एका बँकेत कॅश काउंटरवर क्लार्क. बावीस वर्षे नोकरी झालेली. पिशवीतून त्यांनी एक कागद काढून पुढे ठेवला. तो बडतर्फीचा हुकूम होता. काउंटरवर चाळीस हजारांची तूट आली, ती यांनीच केली, असा आरोप. वहिनींनी एवढेच विचारले, "दादा, हायकोर्टात गेलो तर नोकरी परत मिळेल ना? पोरगी बारावीला आहे."

आम्ही त्या गृहस्थांना विचारले, "चौकशीत तुम्ही काय सांगितले?" त्यांनी मान खाली घातली. "मी गेलोच नाही. दोस्त म्हणाले, चौकशी म्हणजे नाटक. साहेबांनी आधीच ठरवलेले असते. कोर्टात बघून घेऊ."

"कोर्टात बघून घेऊ" या एका वाक्याने किती घरांच्या चुली थंड केल्या असतील! म्हणून आज याच विषयावर बोलायचे आम्ही ठरविले आहे.

पहिली गोष्ट ही की, राज्यघटनेच्या २२६ व्या कलमाखाली हायकोर्टात गेलो, तरी तिथे खटला पहिल्यापासून चालत नाही. तूट कोणी केली याचा शोध न्यायमूर्ती घेत नाहीत. चौकशी नियमाप्रमाणे झाली का, आरोप स्पष्ट होते का, कागदपत्रे दिली का, साक्षीदाराला उलट प्रश्न विचारू दिले का, निष्कर्षाला काही पुरावा आहे का, एवढेच ते पाहतात. शिक्षा जास्त वाटली म्हणून ते सहसा कमी करीत नाहीत. ऐकणाऱ्याच्या मनाला धक्का बसावा इतकी ती अवास्तव असेल, तरच हात घालतात. शिवाय फौजदारी खटल्याइतका पक्का पुरावा खातेनिहाय चौकशीत लागत नाही.

मग कोर्टाचा उपयोग नाही काय? आहे, आणि मोठा आहे. चौकशी अहवालाची प्रत कर्मचाऱ्याला दिल्यावाचून त्याच्यावर निर्णय घेऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९३ साली सांगितले. १९९८ साली पंजाब नॅशनल बँकेच्या प्रकरणात ठरले की, चौकशी अधिकाऱ्याने निर्दोष म्हटले असताना वरिष्ठांना ते पटत नसेल, तर आधी त्यांनी कारणे कळवून कर्मचाऱ्याचे म्हणणे ऐकावे. त्याच बँकेच्या एका शिपायावर ड्राफ्टचे पुस्तक चोरल्याचा आरोप होता. पोलिसांपुढचा कबुलीजबाब आणि कोणीही साक्षीने शाबीत न केलेले कागद यांवर त्याला काढले होते. संशय कितीही दाट असला तरी तो पुरावा होत नाही, असे म्हणून सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली त्या शिपायाला न्याय दिला.

पण दुसरी बाजूही ऐका. स्टेट बँकेच्या एका क्लार्कची बडतर्फी हायकोर्टाने रद्द केली होती. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये ती पुन्हा कायम केली. चौकशी रीतसर झाली आहे, निष्कर्षाला पुरावा आहे, मग हायकोर्टाने तो पुरावा नव्याने तोलायला नको होता, असे कारण दिले.

क्लार्क, शिपाई या वर्गाला आणखी एक दार आहे. ते म्हणजे औद्योगिक न्यायाधिकरण. १९७१ साली औद्योगिक विवाद कायद्यात ११-अ कलम घातले गेले आणि बडतर्फीची शिक्षा बदलण्याचा अधिकार न्यायाधिकरणाला मिळाला. नोव्हेंबर २०२५ पासून त्या कायद्याच्या जागी औद्योगिक संबंध संहिता आली, तिच्यातही हा अधिकार ठेवलेला आहे. खाजगी बँकेतल्यांनी हे दार विशेष ध्यानात ठेवावे. कारण खाजगी बँक म्हणजे सरकार नव्हे, तिच्या बडतर्फीविरुद्ध रिट चालत नाही, असे फेडरल बँकेच्या प्रकरणात २००३ साली ठरले आहे.

तेव्हा आरोपपत्र हाती पडले की घाबरू नका आणि रुसूनही बसू नका. मुदतीत लेखी उत्तर द्या. कागदपत्रांची मागणी लेखी करा, पोच घ्या. नाकारली तर ते नाकारणेही कागदावर येऊ द्या. बँक कर्मचाऱ्यांच्या करारानुसार युनियनचा प्रतिनिधी बचावाला घेता येतो, तो जाणकार पाहून घ्या. प्रत्येक तारखेला हजर राहा. रोजनाम्यावर न वाचता सही करू नका. आपले साक्षीदार आणा. अधिकारी पक्षपाती वाटला तर तेही लिहून द्या. उद्या न्यायमूर्तींपुढे जाईल ती हीच फाईल. तिच्यात जे नाही, ते तिथे नव्याने मांडणे फार कठीण.

त्या गृहस्थांचेच पाहा. बोलता बोलता ते म्हणाले, "त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत माझ्या काउंटरवर दुसरा माणूस बसला होता. माझ्या डायरीत लिहिलेले आहे." ती डायरी वहिनींनी कपाटात जपून ठेवली होती. चौकशी अधिकाऱ्याने ती कधी पाहिलीच नाही, कारण दाखवायला कोणी गेलेच नाही. आम्ही दोघांकडे पाहिले. कोणी काही बोलले नाही.

हुकमात दिलेली खात्यांतर्गत अपिलाची मुदत संपायला नऊ दिवस होते. आम्ही त्याच दुपारी अपील लिहायला बसलो, डायरीच्या पानाची प्रत जोडली, गैरहजेरीचे कारण खरे तेच लिहिले. अपील दाखल झाले आहे, पोच घेतली आहे. पुढे काय होईल ते आज सांगता येत नाही. पण ते पान आता फाईलमध्ये आहे.

आपल्या घरात, शेजारी कोणाला आरोपपत्र आले असेल तर हा अंक त्यांना जरूर वाचायला द्या. जयभीम.